त्या धावणाऱ्या मुली

मागे आईला घेऊन सिसिलीला गेले होते, तेव्हाची गोष्ट. लिहीन लिहीन म्हणता राहूनच गेलं.

पियाझ्झा आर्मेरिना नावाचं एक गाव आहे, बेटाच्या अगदी पोटात. गावाबाहेर एका गडगंज रोमन माणसाचा वाडा आहे, व्हिला रोमाना देल कासाले. वाडा म्हणायचा, पण बघायच्या त्या फरशा. इ. स. च्या चौथ्या शतकात कुणीतरी रंगीत दगडांचे नखाएवढे तुकडे लावून खोल्याच्या खोल्या चित्रांनी भरून टाकल्यात. शिकारी, जहाजं, हत्ती, मासे पकडणारी पोरं, काय वाट्टेल ते. बाराव्या शतकात डोंगराची माती खाली आली, वाडा गाडला गेला आणि म्हणूनच वाचला. १९५० पासून जिनो विनिचियो जेंतिली यांनी तो नीट उकरून काढला. १९९७ मध्ये युनेस्कोच्या यादीत गेला. फरशीवर पाय पडू नये म्हणून वरून पूल बांधलेत. आपण पुलावरून चालायचं आणि खाली बघायचं.

तर आमचा पंधरा-वीस जणांचा ग्रुप, आणि पुढे गाईड. एका खोलीशी आल्यावर तो थांबला, भुवया उडवल्या आणि म्हणाला, आता ज्याच्यासाठी तुम्ही तिकीट काढलंत ते! "बिकिनी गर्ल्स!" लगेच खसखस पिकली. एका काकांनी बायकोकडे बघून काहीतरी विनोद केला. मोबाईल पुढे सरसावले.

आई कठड्याला टेकून बराच वेळ खाली बघत होती. मग मला म्हणाली, "अगं, ही वजनं हातात घेऊन उडीच्या तयारीत आहे ना? ती थाळी फेकतेय. त्या दोघी तर धावतायत. मग हा मेला हसतोय कशाला?"

मला उत्तर सुचलं नाही. तिथून आल्यावर जेवढं मिळेल तेवढं वाचत गेले. त्यातून जे डोक्यात साचलं ते आज इथे उतरवतेय.

आधी ती फरशी. एकूण दहा मुली, दोन ओळींत. एक जवळजवळ पुसली गेलीय. छातीला पट्टा, कमरेला छोटी चड्डी. आईनं सांगितलं ते सगळं आहेच, शिवाय दोघी चेंडू खेळतायत, एकीच्या हातात चाक आहे. सोनेरी वस्त्र पांघरलेली एक जण मुकुट घेऊन उभी आहे. आणि एक जिंकलेली. डोक्यावर मुकुट, हातात खजुराची झावळी. म्हणजे हे सरळसरळ स्पर्धेचं चित्र आहे, बक्षीस समारंभासकट. आपल्या शाळेच्या गॅदरिंगच्या अल्बममध्ये असतो तसं.

'बिकिनी' हा शब्द १९४६ सालचा. पॅसिफिकमधल्या बिकिनी नावाच्या बेटांवर अमेरिकेनं अणुबॉम्बच्या चाचण्या केल्या, आणि त्याच महिन्यात पॅरिसमध्ये लुई रेआर या माणसानं आपल्या नव्या पोहण्याच्या पोशाखाला ते नाव दिलं. पुढच्या दहा-बारा वर्षांत ही फरशी उजेडात आली. नाव ताजं होतं, चिकटवून टाकलं. सोळाशे वर्षांपूर्वीच्या खेळाडू एका क्षणात समुद्रकिनाऱ्यावर नेऊन झोपवल्या. तिथल्या दुकानात आता त्यांचे फ्रिजवर लावायचे चुंबक मिळतात.

त्या पोशाखाला त्या काळी साधी, कामाची नावं होती. छातीच्या पट्ट्याला ग्रीक लोक स्त्रोफिओन म्हणत, रोमन स्त्रोफियुम किंवा नुसतंच फास्किया, म्हणजे पट्टी. कमरेच्या चड्डीला सुब्लिगाकुलुम, म्हणजे खालून बांधायची ती. पट्टी आणि बांधायची. यात चावट काय आहे सांगा! आपलं 'काचोळी', 'लंगोट' तसंच ते.

आणि बाकीचा पोशाखही आपल्याला परका वाटू नये असाच. ग्रीक पेप्लोस म्हणजे लोकरीचा एक लांबरुंद चौकोनी कपडा. अंगाभोवती घ्यायचा, दुमडायचा, दोन्ही खांद्यांवर टाचणीनं अडकवायचा. कात्री नाही, शिवण नाही. मागावरून उतरलं की झालं वस्त्र. लुगडं नेसणाऱ्या बाईला हे समजवावं लागत नाही. रोमन घरंदाज बाई आत ट्यूनिक घालायची, त्यावर पट्ट्यांचा लांब स्टोला, आणि बाहेर पडताना त्यावर पाल्ला नावाची मोठी शाल, डोक्यावरून. गायस सुल्पिकियस गालुस नावाच्या एका बड्या माणसानं बायको डोक्यावर न घेता बाहेर गेली म्हणून तिला सोडून दिलं होतं. हे वाचताना मला अजिबात परकं वाटलं नाही, आणि त्याचं वाईटही वाटलं.

पण मला खरं खटकलं ते वेगळंच. या आतल्या कपड्यांबद्दल आपल्याला जे काही ठाऊक आहे, ते जवळजवळ सगळं पुरुषांनी लिहिलेलं आहे. आणि बहुतेक वेळा हसण्यासाठी.

अॅरिस्टोफेनीस घ्या. त्याचं 'लिसिस्ट्राटा' इ. स. पूर्व ४११ मधलं. युद्ध थांबत नाही तोवर नवऱ्यांना जवळ येऊ द्यायचं नाही असं बायका ठरवतात. त्यात मिऱ्हिनी नावाची बायको नवऱ्याला असं काही झुलवते की विचारू नका. आधी खाट आणते, मग चटई, मग उशी, मग पांघरूण, मग अत्तर. मध्येच छातीचा पट्टा सोडते. आणि ऐन वेळी पळून जाते! मी वाचताना मोठ्यानं हसले, खोटं कशाला बोलू. पण एक गोष्ट विसरू नका, अथेन्सच्या रंगमंचावर बायका नव्हत्या. मिऱ्हिनीचं काम करणारा पुरुष होता. म्हणजे अख्ख्या ग्रीक साहित्यात गाजलेला हा पट्टा बांधला होता तो एका बाप्याच्या छातीवर. त्याच वर्षीच्या त्याच्या दुसऱ्या नाटकात तर युरिपिडीसच्या एका म्हाताऱ्या नातेवाइकाला बाई बनवून बायकांच्या सणात घुसवतात, आणि त्याला पट्ट्यापासून जाळीपर्यंत सगळं अंगावर चढवताना प्रेक्षकांना दाखवतात.

रोममध्ये हे खरोखर घडलं. इ. स. पूर्व ६२. बोना देआ या देवीची पूजा, फक्त बायकांची, सीझरच्या घरी. आपल्या मंगळागौरीला पुरुषांना मज्जाव असायचा तसा, पण फार कडक. त्यात क्लोदियस नावाचा उनाड पुढारी बाईचा वेश घेऊन शिरला आणि सापडला. खटला झाला, तो सुटला. पैसे चारले अशी बोलवा होती. सीझरनं मात्र स्वतःच्या बायकोला घटस्फोट दिला. पुढे सिसेरोनं क्लोदियसला भाषणात सोलून काढलं तेव्हा त्यानं त्याच्या अंगावरच्या एकेका वस्तूची यादीच दिली. केशरी झगा, डोक्याचा फेटा, बायकी चपला, जांभळ्या पट्ट्या, आणि हो, स्त्रोफियुम. त्या पट्ट्याचा उल्लेख करून लाज कुणाची काढायची, तर पुरुषाची. बाईची वस्तू पुरुषाच्या अंगावर सापडली यापेक्षा मोठी बेइज्जती ती कोणती!

मार्शल या कवीनं भेटवस्तूंवर दोन-दोन ओळी लिहिल्या, त्यात छातीचा पट्टाही आहे, आणि विनोद काय, तर अमकीला हा पट्टा पुरणार नाही, बैलाचं कातडं लागेल. दोन हजार वर्षांपूर्वीचा विनोद, पण आजच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवरही खपून जाईल. ओव्हिड त्यातल्या त्यात बरा, तो निदान बायकांना उपयोगाचं काहीतरी सांगतो. सपाट असाल तर पट्टी अशी बांधा वगैरे.

असो. या सगळ्यांच्या तुलनेत मला जमिनीतून निघालेल्या वस्तू जास्त प्रामाणिक वाटतात. लंडनमध्ये एका रोमन काळातल्या विहिरीच्या गाळात चामड्याची एक छोटी चड्डी सापडली, पहिल्या शतकातली. दोन्ही बाजूंना नाड्या. इतकी लहान की ती एखाद्या किशोरवयीन मुलीची असावी, बहुधा कसरती किंवा नाच करणारीची. तिच्यावर कुणी दोन ओळी लिहिल्या नाहीत. रोमन ब्रिटनच्या उत्तर सीमेजवळ विंडोलांडा नावाच्या रोमन छावणीत लाकडाच्या पातळ पट्ट्यांवर लिहिलेली पत्रं निघाली, इ. स. १०० च्या आसपासची. त्यातल्या एकात कुणीतरी कुणाला तरी कळवतंय की मोजे पाठवलेत, चपलांचे दोन जोड पाठवलेत आणि दोन चड्ड्या पाठवल्यात. बस्स. पुरुषाची चड्डी असली की ती अशी मोज्यांच्या शेजारी निमूट बसते. कुणी खुदकन हसत नाही. (त्याच छावणीत क्लाउदिया सेवेरा या बाईनं मैत्रिणीला वाढदिवसाला बोलावल्याचं पत्रही मिळालंय, शेवटच्या दोन-चार ओळी तिच्या स्वतःच्या हातच्या. म्हणजे बायका लिहीत होत्या. आपल्यापर्यंत फार थोडं पोचलं.)

हसण्याच्या पलीकडे गेलं की मग येतो कायदा. कानेच्या लढाईत हानिबालनं रोमची दाणादाण उडवल्यावर, इ. स. पूर्व २१५ मध्ये, ओप्पियन कायदा झाला. बाईनं अर्ध्या औंसापेक्षा जास्त सोनं बाळगायचं नाही, रंगीत भपक्याची वस्त्रं नेसायची नाहीत, शहरात घोडागाडीतून फिरायचं नाही, धर्मकार्य सोडून. युद्धाचे दिवस, ठीक आहे. पण युद्ध संपलं, पुरुष पुन्हा जांभळ्या काठाचे टोगे मिरवायला लागले, आणि बायकांचा कायदा तसाच. इ. स. पूर्व १९५ मध्ये तो रद्द करण्याचा ठराव आला तेव्हा बायका घराबाहेर पडल्या. फोरमकडे जाणारे रस्ते अडवले, येणाऱ्याजाणाऱ्या पुरुषांना गाठून आर्जवं केली, बाहेरगावच्या बायकाही येऊन मिळाल्या. ठरावाला विरोध करणाऱ्या दोन ट्रिब्यूनांच्या दाराशी जाऊन बसल्या आणि ते विरोध मागे घेईपर्यंत उठल्या नाहीत. घेराव हो, अस्सल घेराव!

तेव्हाचा कॉन्सल केटो जाम भडकला. लिव्हीनं त्याचं भाषण दिलंय. सार एवढंच, की आज यांना बरोबरीला येऊ द्या, उद्या या डोक्यावर बसतील. हे अपेक्षितच. पण मला जास्त लागलं ते बायकांच्या बाजूनं बोलणाऱ्या वालेरियसचं म्हणणं. तो म्हणतो, त्यांना ना पदं मिळतात, ना पौरोहित्य, ना विजयाच्या मिरवणुका. मग नटणं हीच त्यांची सन्मानचिन्हं, ती तरी का काढून घेता? कायदा रद्द झाला. बायका जिंकल्या. पण त्या वकिलाचं म्हणणं पुन्हा वाचा. पदं का मिळत नाहीत, हा प्रश्न त्यालाही पडला नाही.

वस्त्र देणं ही शिक्षाही होती. टोगा म्हणजे रोमन नागरिकाचा अभिमान, पण तोच बाईच्या अंगावर असला तर ती वेश्या, नाहीतर व्यभिचारी. त्याच कपड्यानं तो माणूस होतो आणि ती नापास. मार्शल इथेही आहेच, एका बदनाम बाईला महागड्या वस्त्रांऐवजी टोगा पाठवा असं सुचवत. हेरोडोटसनं तर एक भयंकर गोष्ट सांगितलीय. ईजिनावरच्या स्वारीत अथेन्सचे सगळे पुरुष मेले, एकच परत आला. विधवांनी त्याला घेरलं, माझा नवरा कुठे, माझा नवरा कुठे असं विचारत खांद्यावरच्या टाचण्या काढल्या आणि भोसकून मारला. यावर अथेन्सवाल्यांना शिक्षा काय सुचली? बायकांचा पोशाख बदलला. टाचण्यांचा पेप्लोस बंद, आता तागाचा शिवलेला खितोन घाला. गोष्ट खरी-खोटी देव जाणे. पण बायकांचा राग दिसला की तिच्या कपड्याला हात घालायचा, हे सांगणाऱ्याला आणि ऐकणाऱ्यांना पटलं होतं, एवढं नक्की.

आता थोडं आपल्याकडचं. प्लिनी मोठा विद्वान माणूस, पण हिशेब मांडताना त्याचा तोल जातो. भारत, चीन आणि अरबस्तान मिळून दर वर्षी रोमकडून दहा कोटी सेस्टर्स ओढून घेतात, आणि हे सगळं चैनीपायी आणि बायकांपायी, असं तो म्हणतो. सेनेका आरपार दिसणाऱ्या रेशमावर घसरतो. आणि पहिल्या शतकातल्या 'पेरिप्लस' या ग्रीक व्यापारी पुस्तकात काय सापडावं? बारिगाझा म्हणजे भडोचपासून दक्षिणेला वीस दिवसांच्या वाटेवर पैठण, आणि तिथून पूर्वेला दहा दिवसांवर तगर, म्हणजे धाराशिव जिल्ह्यातलं आपलं तेर. तगरहून साधं कापड आणि तऱ्हेतऱ्हेची मलमल गाड्यांवर लादून भडोचला जायची आणि तिथून जहाजावर चढायची. प्लिनीला ज्या बायकांचा राग आला, त्यांच्यातल्या एखादीच्या अंगावर तेरच्या कुणा बाईनं कातलेलं सूत असणार. कातणारीला प्लिनी माहीत नाही, प्लिनीला कातणारी माहीत नाही. पोंपेईत १९३८ मध्ये हस्तिदंताची एक भारतीय मूर्ती सापडली, अंगभर दागिने आणि वस्त्र जवळपास नाहीच. तशाच घडणीच्या मूर्ती तेर आणि भोकरदनलाही मिळाल्यात. पोंपेईची ती मूर्ती नेपल्सच्या संग्रहालयात ठेवलीय कुठे, तर 'गुप्त दालनात', कामुक वस्तूंबरोबर. पुन्हा तेच!

आणखी दोन बायका डोक्यातून जात नाहीत. एक अलेक्झांड्रियाची हायपेशिया, गणिताची आणि तत्त्वज्ञानाची शिक्षिका. एक विद्यार्थी तिच्या प्रेमात पडून मागेच लागला, तेव्हा तिनं आपल्या पाळीचे कपडे त्याच्यासमोर धरले आणि म्हणाली की तुझं प्रेम यावर आहे, यात सुंदर असं काही नाही. एवढा सगळा शोध घेताना बाईनं स्वतःच्या आतल्या कपड्याचा स्वतः केलेला उपयोग मला हा एकच सापडला. अर्थात हेही लिहून ठेवलंय पुरुषांनीच. इ. स. ४१५ मध्ये जमावानं तिला मारलं, ते तिचे कपडे फाडून.

दुसरी कार्थेजची पर्पेटुआ, बावीस वर्षांची, अंगावर पिणारं मूल. इ. स. २०३ मध्ये ख्रिस्ती म्हणून तिला आणि नुकत्याच बाळंत झालेल्या फेलिसिटीला आखाड्यात आणलं, विवस्त्र, जाळ्यात गुंडाळून. प्रेक्षक शहारले. एक कोवळी पोर, दुसरीच्या छातीतून दूध गळतंय. मग त्यांना परत नेलं, सैलसर ट्यूनिक घातले आणि पुन्हा आणलं. कपडे घालून मारायला कुणाची हरकत नव्हती. गाईनं उडवून आपटल्यावर पर्पेटुआनं आधी मांडीवरचं फाटलेलं वस्त्र सारखं केलं, असं ते लिहिणारा कौतुकानं सांगतो. मला कौतुक वाटेना. मरतानासुद्धा मांडी झाकायची आठवण राहावी, इतकं मुरवलेलं असतं ते.

हे वाचत असताना सारखी आईच आठवत होती. आमच्या घरी दोरीवर आतले कपडे कधी उघडे वाळले नाहीत. त्यावर कायम एक टॉवेल. मीही इतकी वर्षं तेच करत आलेय, परदेशातल्या बंद बाथरूममध्येसुद्धा, जिथे बघायला चिटपाखरू नाही.

आणि त्या दिवशी सिसिलीत, गाडीत बसल्यावर, आईनं मला एक गोष्ट सांगितली जी मला इतक्या वर्षांत माहीत नव्हती. शाळेत ती धावायची. परकर खोचून, अनवाणी, शंभर मीटर आणि दोनशे मीटर. तालुक्यात पहिली आली. जिल्ह्याला जायचं तर हाफ पँट घालावी लागेल असं सरांनी सांगितलं. आजोबा म्हणाले, मुलीचे पाय चारचौघांत दाखवायचे नाहीत. ती म्हणाली, परकरातच धावीन. तर शाळेनं सांगितलं, तसं चालणार नाही. दोन्हीकडची माणसं चांगलीच होती, ती पुन्हा पुन्हा म्हणत होती. कुणाचं वाईट बोलायचं नव्हतं तिला. फक्त नंतर कधी धावले नाही गं, म्हणाली.

मी तिला ऑलिंपियाचं सांगितलं. तिथे पुरुषांचे खेळ होत तसे हेरा देवीच्या नावानं मुलींचेही होत. दुसऱ्या शतकात पॉसानियस नावाचा प्रवासी तिथे गेला, त्यानं नीट लिहून ठेवलंय. केस मोकळे, खितोन गुडघ्याच्या जरा वर, उजवा खांदा छातीपर्यंत उघडा. त्याच मैदानात धावायच्या, अंतर साधारण एक षष्ठांशानं कमी. जिंकणारीला ऑलिव्हचा मुकुट. आणि ती स्वतःचं चित्र देवळात लावू शकायची. तो हे सांगतो ना, ते अगदी कोरडेपणानं. पोशाख असा, अंतर एवढं, बक्षीस हे. मला त्याचा तो कोरडेपणा फार आवडला.

आईनं सगळं ऐकून घेतलं. मग विचारलं, "पाय दाखवले म्हणून कुणी काही म्हणालं नाही त्यांना?"

म्हणाले की गं. स्पार्टाच्या मुलींना बाकीचे ग्रीक मांड्या दाखवणाऱ्या म्हणून चिडवायचेच.

"मग?"

"मग काय. धावायच्या."

ती खिडकीबाहेर बघत राहिली. थोड्या वेळानं म्हणाली, त्या फरशीवरच्या जिंकलेल्या मुलीचा फोटो काढलायस ना, तो मला पाठव. फक्त तिचाच.

तो आता तिच्या मोबाईलवर आहे, फोन उचलला की पहिली तीच दिसते. भिशीला कुणीतरी विचारलं, हे काय हो भलतंच, ही कोण? आईनं चष्मा पुसत सांगितलं, "धावण्यात पहिली आली होती ती."